बगळा डिव्हिजनचं शुद्धिपत्र

बगळा डिव्हिजन १९४५ सालच्या एप्रिलमध्ये संपली, असं नकाशे सांगत. आल्डेनरोडे गावात मात्र ती १९५७ सालीही दर महिन्याच्या पहिल्या रविवारी भरत असे आणि भरपूर बिअर पीत असे.

डिव्हिजनच्या गाड्यांवर युद्धात एका पायावर उभा असलेला पांढरा बगळा रंगवलेला होता. आता तो कोटाच्या कॉलरवर टाचणीने बसला होता, बिअरच्या पेल्यांवर बसला होता, आणि वार्षिक मेळाव्याला बायका जो मोठा केक करत त्याच्यावर बदामाच्या लगद्याचा होऊन बसत होता. मेळाव्याला कोण आधी बगळ्याची मान खाणार यावरून रुसवेफुगवे होत. रशियात ज्यांनी हजार मैल चाल केली आणि तेवढेच मैल उलटी चाल केली, ते लोक साखरेच्या मानेवरून एकमेकांशी वर्षभर बोलत नसत.

गेरलिंडे ओहम या सगळ्यांना लहानपणापासून ओळखत होती. डिव्हिजन याच भागातल्या पोरांची होती. मेजर ग्रूबे आता विमा विकायचे, पण दारावरची घंटा अशी दाबायचे की आतल्या माणसाने ताठ उभं राहूनच दार उघडावं. ड्रेपर डिव्हिजनचा कोठीप्रमुख होता, आता बाजारचौकात त्याचं किराणा दुकान होतं. युद्धात आणि शांततेत त्याने कधी जेवणाची वेळ चुकवली नाही. आणि डॉक्टर ब्रेमे, कायद्यातले डॉक्टर, डिव्हिजनच्या न्यायालयात न्यायाधीश होते, आता ते जिल्हा न्यायालयात न्यायाधीश होते. एवढ्या मोठ्या उलथापालथीत त्यांना फक्त झगा बदलावा लागला होता.

या तिघांनी ठरवलं की डिव्हिजनचा इतिहास लिहायचा. शेजारच्या जिल्ह्यातल्या एका डिव्हिजनने जाडजूड ग्रंथ काढला होता, नकाशांसकट, आणि ती डिव्हिजन तर मेजरच्या मते लढाईत नेहमी अर्धा दिवस उशिरा पोचायची. लिहिणार मेजर, कागदपत्रं ड्रेपरची, कायद्याची नजर ब्रेमे यांची. टंकलेखनाला कोण, तर गेरलिंडे. ती नोटरीच्या कचेरीत सतरा वर्षं टाइप करत होती आणि तिच्या कागदावर खाडाखोड म्हणून नसायची.

तिने आधी नाही म्हटलं. मेजर घंटा दाबून घरी आले, खुर्चीच्या कडेवर बसले आणि म्हणाले की ग्रंथाच्या शेवटी डिव्हिजनच्या सगळ्या मृतांची यादी येणार आहे, गावोगावची, एकही नाव न वगळता. "एकही नाही, फ्रॉइलाइन ओहम. हा माझा शब्द."

स्वयंपाकघराच्या दारात गेरलिंडेची आई उभी होती. हातात बशी आणि पुसायचं फडकं. ती बशी तिने इतका वेळ पुसली की गेरलिंडेला पुढे नाही म्हणता आलं नाही.

आईला एकच गोष्ट हवी होती. लांबर्टचं, गेरलिंडेच्या भावाचं, नाव कुठेतरी छापलेलं.

चर्चमध्ये युद्धात गेलेल्यांची नवी संगमरवरी पाटी लागली तेव्हा तिच्यावर गावातली त्रेसष्ट नावं होती. त्यात टपालवाल्याच्या त्या पोराचंही नाव होतं जो रजेवर असताना दारू पिऊन वेझर नदीत बुडाला. लांबर्ट ओहम नव्हता. पाद्री म्हणाले, यादी डिव्हिजनच्या माजी सैनिकांच्या संघटनेकडून आली. आई त्यानंतर चर्चमध्ये दुसऱ्या बाजूला बसू लागली, खांबाआड, जिथून पाटी दिसत नाही.

ओहमांची बेकरी चर्चच्या उताराला होती. जुन्या दिवसांत, म्हणजे युद्धाच्या आधी, शनिवारी दुपारी सगळी गल्ली पत्र्याची तबकं डोक्यावर घेऊन तिकडे यायची. घरोघरच्या चुली एवढे मोठे केक भाजू शकत नसत. बायका पीठ घरी मळून, त्यावर लोणी आणि साखर, किंवा आलुबुखाराच्या फोडी लावून तबक ओहमांच्या भट्टीत आणून देत, आणि कोपऱ्यात पिठात एक चिठ्ठी खोचत. चिठ्ठीवर घराचं नाव. भट्टीत चिठ्ठी तपकिरी व्हायची पण शिसपेन्सिलीची अक्षरं वाचता यायची. चिठ्ठी नसेल तर केक कुणाचाही व्हायचा, आणि एकदा तशा केकवरून दोन विहिणी कायमच्या बोलेनाशा झाल्या होत्या. लांबर्ट नऊ वर्षांचा असल्यापासून तबकं लावायचा आणि काढायचा. त्याने कधी एक तबक चुकीच्या घरी दिलं नाही. तो वास गेरलिंडेच्या नाकात अजून होता, जळत्या बीच लाकडाचा आणि लोण्याचा, आणि त्या वासात लांबर्टच्या शिट्ट्या. कुठलंही गाणं तो अर्धंच वाजवायचा.

बेकरच्या मुलाला फौजेने बेकर केलं. प्रत्येक डिव्हिजनला आपली बेकरी असते, चाकांवरच्या भट्ट्या असतात. पंधरा हजार माणसं काही देशभक्तीवर जगत नाहीत. लांबर्टने पाच वर्षं बगळा डिव्हिजनला पाव खाऊ घातला. १९४३ साली रजेवर आला तेव्हा तो शिट्टी वाजवत नव्हता. पिठाच्या कोठीत गेरलिंडेला एवढंच म्हणाला की पीठ आकाशातून पडत नाही. एका खेड्यातून पोती उचलली तेव्हा घरमालकीण पोरांना घेऊन बाहेर बर्फात उभी होती. दुसऱ्या दिवशी ते खेडं नव्हतं. "पाव मात्र चांगला झाला," तो म्हणाला, आणि मग त्या रजेत त्याने घरच्या पावाला हात लावला नाही.

शनिवारी दुपारी ड्रेपरच्या दुकानामागच्या खोलीत गेरलिंडे टाइप करू लागली. खोलीत कॉफीचा, खाऱ्या माशांचा आणि जुन्या कागदांचा वास होता. भिंतीला चौदा लाकडी पेट्या. डिव्हिजनची सगळी कागदपत्रं ड्रेपरने माघारीत वाचवून आणली होती आणि ही गोष्ट तो दर वेळी नव्याने सांगायचा. शेवटचा ट्रक होता, रस्त्याच्या कडेला जखमी हात करत होते, वरून विमानं, पण त्याने पेट्या सोडल्या नाहीत.

"आणि जखमी?" गेरलिंडेने एकदा विचारलं.

"अगं पोरी, ट्रक पेट्यांनी भरला होता." ड्रेपरला या उत्तरात काही विचित्र वाटत नव्हतं.

मेजर येरझाऱ्या घालत सांगायचे, ती टाइप करायची. त्या ग्रंथात फक्त हवा खराब असायची, माणसं नाहीत. चिखल शत्रू होता, थंडी शत्रू होती, वरचे सेनापती मूर्ख होते, इटालियन आणि रुमेनियन पळपुटे होते. डिव्हिजन मात्र प्रत्येक ठिकाणी जिंकत जिंकत मागे येत होती. खेडी आपोआप जळत. एका गावी डिव्हिजनने 'तीन दिवस विश्रांती घेतली. तळ्यात पोहण्याची उत्तम सोय होती.' गेरलिंडेने पेटीतून त्या गावचा कागद काढून पाहिला होता. त्या तीन दिवसांत गावाची लोकसंख्या चारशे दहावरून शून्यावर आली होती. पोहण्याच्या सोयीबद्दल मेजर खोटं बोलत नव्हते.

तिने कागद पेटीत परत ठेवला आणि टाइप करत राहिली. तिला यादीपर्यंत पोचायचं होतं. आई दर शनिवारी विचारायची, "कुठवर आलं?" आणि गेरलिंडे सांगायची, स्मोलेन्स्क, किंवा नीपर, किंवा पोलंड. आईला त्या नावांशी काही देणंघेणं नव्हतं. ती फक्त घर किती जवळ आलं ते मोजत होती.

नोव्हेंबरात डिव्हिजन घराजवळ आली. एप्रिल १९४५, वेझरच्या वरच्या टेकड्या. उरली होती नऊशे माणसं. मुख्यालय आल्डेनरोडेच्या शाळेत. मेजर हे प्रकरण सांगताना खिडकीबाहेर बघत होते आणि त्यांनी ते लवकर आटोपलं. पान दोनशे चौदा. 'त्या अखेरच्या दिवसांतही डिव्हिजनची शिस्त अभंग राहिली, याचे श्रेय न्यायालयाच्या तत्पर कार्याला द्यावे लागेल.' टाइपरायटरची घंटा वाजली, गेरलिंडेने पट्टी मागे ढकलली आणि पुढच्या ओळीला सुरुवात केली.  

ते तत्पर कार्य तिने पाहिलं होतं. भट्ट्यांना जळण नाही म्हणून फौजेने चाकांवरच्या भट्ट्या नदीपलीकडे टाकल्या, बेकरांच्या हातात बंदुका दिल्या आणि त्यांना टेकडीवर बसवलं. लांबर्ट टेकडीवरून खाली घर बघत होता. शाळेच्या पटांगणात पूर्वेकडून पळून आलेल्या दोनशे बायका पोरांसकट पडल्या होत्या. गिरणीत राईचं पीठ होतं आणि बाप १९४० सालीच वारल्यामुळे भट्टीला बेकर नव्हता. तो खाली आला, कुणाला न विचारता, आणि भट्टी पेटवली. दोन दिवस भाजत होता. तिसऱ्या दिवशी सकाळी नऊ वाजता त्याला नेलं तेव्हा त्याच्या कोपरापर्यंत पीठ होतं. शाळेच्या गायनवर्गात ब्रेमे बसले होते. सात मिनिटं लागली. लाकडाच्या वखारीमागे नेलं. आवाज बेकरीपर्यंत आला.

भट्टीत पाव होते. आईने घड्याळ बघितलं आणि पाव काढले, करपू नयेत म्हणून. बावन्न पाव. अर्ध्या तासाने ड्रेपर टोपली घेऊन आला आणि मुख्यालयासाठी सहा घेऊन गेला. दोन दिवसांनी अमेरिकन रणगाडे आले. तोवर मुख्यालय निघून गेलं होतं, पावांसकट.

पुढच्या शनिवारी मृतांची यादी आली. पाच हजार दोनशे चाळीस नावं, मेजरच्या टोकदार अक्षरात. गेरलिंडेने ओ काढला. ओबरमायर, ओएर्टेल, ओल्टमान. ओहम नव्हता.

मेजरनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. मग अतिशय सौम्यपणे समजावलं, जसं विम्याचा हप्ता चुकलेल्या माणसाला समजावतात. यादी पडलेल्यांची होती. पडणं म्हणजे शत्रूच्या हातून, किंवा आजाराने, किंवा अपघाताने. निकालानुसार गोळ्या घातलेला माणूस पडलेला नसतो. त्याला पडलेल्यात धरलं तर खरोखर पडलेल्यांचा अपमान. डॉक्टर ब्रेमेंशी या मुद्द्यावर चर्चा झाली होती, त्यांचंही हेच मत.

"डॉक्टर ब्रेमेंचं मत आम्हाला ठाऊक आहे," गेरलिंडे म्हणाली. "तुम्ही शब्द दिला होतात, मेजरसाहेब."

"आणि तो पाळला. सगळे मृत, असं म्हणालो होतो. सैनिकी अर्थाने." मेजर खरोखरच दुखावलेले दिसत होते. आपल्या शब्दावर कुणी शंका घ्यावी हे त्यांना सहन व्हायचं नाही. तो पाळण्याचा त्रास मात्र ते घेत नसत.

गेरलिंडेने कागद यंत्रावर चढवला आणि यादी टाइप करायला घेतली. एका चहाच्या पेल्याएवढाही वेळ तिने वाया घालवला नाही. मेजरना वाटलं पटलं. ज्यांना हुकूम करायची सवय असते त्यांना गप्प बसणारी प्रत्येक बाई पटलेलीच वाटते.

घरी तिने आईला सांगितलं नाही. आईने विचारलं, "कुठवर आलं?" ती म्हणाली, "घरी पोचले, पण अजून दार उघडलेलं नाही."

दार तिला अकराव्या पेटीत सापडलं. एक निळी फाइल, दोऱ्याने बांधलेली. न्यायालयाचे निकाल, कार्बन प्रती, एप्रिल १९४५. अकरा माणसं नऊ दिवसांत. प्रत्येकावर ब्रेमेंची सही, सुबक, घाई नसलेली. एकजण आपल्या बायकोच्या बाळंतपणासाठी सायकलने घरी गेला होता. एक सतरा वर्षांचा, चौकीवर झोपला. एकजण म्हणाला होता की युद्ध संपलंय. आणि ओहम, लांबर्ट, उपनाईक, बेकरी तुकडी, 'परवानगीविना पाव भाजत असताना आढळला.' ड्रेपरने जखमींना रस्त्यावर सोडून या फायली वाचवल्या होत्या. बारा वर्षांत त्याने एकही उघडली नव्हती. उघडली असती तर जाळली असती. पण कागद वाचायचे नसतात, जपायचे असतात, अशी त्याची शिकवण होती.

ग्रंथाला नामसूची हवी, हा मेजरचा आग्रह होता. सूचीचे दोन भाग. पहिला अधिकाऱ्यांचा, हुद्दा आणि पदकांसहित. दुसरा 'अन्य पदे', बारीक टाइपात. गेरलिंडेने दोन्ही भाग तयार केले. दुसऱ्या भागात तिने अकरा नावं आपापल्या जागी घातली आणि प्रत्येकापुढे एकच आकडा टाकला. २१४.

मुद्रितं आली तेव्हा तिघेही रविवारभर वाचत बसले. मेजरनी पहिल्या भागातल्या पदकांच्या क्रमात सतरा चुका काढल्या. ब्रेमेंनी आपल्या नावापुढे 'डॉक्टर' हे पूर्ण अक्षरात हवं म्हणून लिहिलं. ड्रेपरने आपलं नाव शोधलं, ते चार ठिकाणी आहे हे पाहिलं आणि जेवायला गेला. दुसरा भाग कुणी उघडला नाही. शिपायांची नावं वाचून काय करायचं, ती मोजायची असतात.

ग्रंथ मे महिन्यात मेळाव्याला आला. नेमबाजांच्या क्लबच्या दालनात चारशे माणसं, वाद्यवृंद, डुकराचं भाजलेलं मांस, बटाट्याचं सॅलड. बाराशे प्रती, निळी कापडी बांधणी, कव्हरवर चांदीचा बगळा. आणि मग गेरलिंडेला वाटलं होतं तेच झालं. त्या दालनात एकाही माणसाने ग्रंथ पुढून उघडला नाही. चारशे माणसांनी तो पालथा केला आणि मागच्या पानांवर बोट फिरवत आपलं नाव शोधायला लागले. सापडलं की बायकोला दाखवायचे. बायको म्हणायची, "बघ, आहेस तू." इतका वेळ त्याला शंकाच होती जणू.

टोबियास नावाचा बेकरी तुकडीतला एकजण मधल्या टेबलावर बसला होता. स्फोटाने त्याचे दोन्ही कान गेले होते, म्हणून तो कुजबुजला तरी वाद्यवृंदाच्या वर ऐकू यायचा. त्याला आपलं नाव सापडलं आणि त्याच्या थोडं वर आपला जोडीदार सापडला.

"अरे, आपला लांबर्ट आहे यात. पान दोनशे चौदा," तो आनंदाने म्हणाला. त्याने पान उलटलं. वाचलं. पुन्हा वाचलं. मग शेजाऱ्याला विचारलं, "इथे तर फक्त न्यायालयाबद्दल आहे. लांबर्ट कुठाय?"

शेजाऱ्याने त्याला कोपर मारलं. टोबियासला वाटलं की शेजाऱ्याला ऐकू आलं नाही, म्हणून त्याने आणखी मोठ्याने विचारलं. "त्याला यांनीच गोळ्या घातल्या, ते लिहिलंय का कुठे?"

वाद्यवृंद नेमका त्याच वेळी पान उलटत होता.

सोमवारी तिघांनी गेरलिंडेला दुकानामागच्या खोलीत बोलावलं. मेजर उभे होते. ब्रेमे नखं बघत बसले होते. ड्रेपर चीज कापत होता, कारण काहीतरी कापल्याशिवाय त्याला बसता येत नसे. मेजरनी विश्वासघात, निष्ठा आणि सोबत्यांच्या थडग्यांबद्दल बरंच सांगितलं. गेरलिंडेने ते संपू दिलं.

"सूचीचं काम माणूस कुठे सापडेल ते सांगायचं," ती म्हणाली. "ते तिथेच आहेत, मेजरसाहेब. पान दोनशे चौदावर. त्या तत्पर कार्याखाली."

ब्रेमे पहिल्यांदा बोलले. त्या तिघांत डोकं फक्त त्यांना होतं, आणि तेच त्यांचं सगळ्यात वाईट. ते म्हणाले की काहीही करू नये. प्रती विकल्या गेल्यात. अकरा नावं आहेत, बारीक टाइप आहे. दोन आठवड्यांत लोक ग्रंथ कपाटात ठेवतील आणि त्यावर फुलदाणी ठेवतील. गप्प बसावं. मग त्यांनी घड्याळ पाहिलं; मूत्रपिंडाच्या उपचाराला ते तीन आठवडे औषधी पाण्याच्या झऱ्यांच्या गावी जाणार होते आणि गाडीची वेळ झाली होती.

ते गेले, आणि इथे मेजर ग्रूबे यांनी ती चूक केली जी जगाच्या पाठीवर फक्त त्यांच्यासारख्यांना करता येते. खेडी जळाली तेव्हा त्यांना झोप लागत होती. पण छापलेल्या ग्रंथात चूक आहे, नको ती अकरा नावं घुसून सूची अशुद्ध झाली आहे, आणि ती तशीच बाराशे कपाटांत उभी राहणार, हे त्यांना सोसवेना. शेजारच्या डिव्हिजनच्या ग्रंथात एक नकाशा उलटा छापला गेला होता, तर त्यांनी काय केलं होतं? शुद्धिपत्र. सुटा कागद, प्रत्येक ग्राहकाला टपालाने. बगळा डिव्हिजन त्यांच्याहून कमी काटेकोर आहे काय?

गुरुवारी ते मजकूर घेऊन आले आणि त्यांनी तो गेरलिंडेलाच टाइप करायला सांगितला, कारण दुसरं कुणी चुका करतं.

तिने एकदाच विचारलं, "नुसती आडनावं देऊ?"

"आडनावांनी घोटाळा होईल," मेजर म्हणाले. "डिव्हिजनमध्ये आणखी तीन ओहम होते. त्यांच्यावर डाग नको. पूर्ण नाव, जन्मतारीख, गाव, हुद्दा, निकालाची तारीख. सगळं नेमकं."

"कोणाचा निकाल, ते?"

मेजरनी क्षणभर विचार केला. अधिकाराशिवायचं विधान म्हणजे अफवा. "अर्थात तेही," ते म्हणाले. "हुद्द्यासहित."

तर ते असं छापलं गेलं. 'शुद्धिपत्र. नामसूचीत पुढील अकरा व्यक्तींची नावे चुकीने समाविष्ट झाली आहेत. सदर व्यक्ती शत्रूशी लढताना पडलेल्या नसून, डॉक्टर ब्रेमे यांच्या अध्यक्षतेखालील डिव्हिजन न्यायालयाच्या निकालान्वये त्यांना एप्रिल १९४५ मध्ये गोळ्या घालण्यात आल्या. वाचकांनी ही नावे खोडावीत.' खाली अकरा नावं, ग्रंथातल्यापेक्षा मोठ्या टाइपात. बाराशे कागद बाराशे पाकिटांत गेले. ग्रंथालयांना, पाद्र्यांना, मंत्रालयाच्या दोन खात्यांना, जिल्ह्याच्या वृत्तपत्राला. ज्यांनी सूचीत काही पाहिलं नव्हतं त्यांनी आता पाहिलं. बगळा डिव्हिजनने तेरा वर्षं जे तोंडातून काढलं नव्हतं ते आपल्या खर्चाने, आपल्या शिक्क्यासहित, सगळ्यांना घरपोच दिलं.

ब्रेमेंना ते झऱ्यांच्या गावी मिळालं. त्यांनी ग्रंथाची एक प्रत स्वतःसाठी नोंदवली होती. असं म्हणतात की त्यांनी ते दोनदा वाचलं आणि पेल्यातलं औषधी पाणी तसंच ठेवलं. त्यांचं पुढे काही झालं नाही, हेही सांगितलं पाहिजे. पूर्ण निवृत्तिवेतन घेऊन ते निवृत्त झाले आणि पुष्कळ वर्षांनी गुलाबाच्या झाडांपाशी खुर्चीत वारले. मेजरना सरकारी पदक मिळालं. या जगात बगळ्याला कधी मासा महाग पडत नाही.

पण पत्रं आली. म्यून्स्टरहून एका बाईने लिहिलं की तिच्या नवऱ्याच्या नावापुढे इतकी वर्षं 'बेपत्ता' होतं, आणि नाताळला ती त्याचं ताट मांडत आली होती. बाळंतपणासाठी सायकलने घरी आलेला तो हाच. मुलगी आता तेरा वर्षांची होती. गेरलिंडेने निळ्या फाइलीतून निकालाची प्रत काढली, स्वच्छ टाइप केली आणि पाठवली. अशा तिने दहा घरी दहा प्रती पाठवल्या. अकरावी टाइप करायची गरज नव्हती.

आई टपालाच्या दिवशी गल्ल्यावर होती; बेकरी ती आता एका पगारी कारागिराच्या जोरावर चालवत होती. पाकीट तिने सुरीने उघडलं, चष्मा लावला, आणि बोट ठेवून नावापर्यंत गेली. ओहम, लांबर्ट, बेकर, आल्डेनरोडे. तिने खालचं आणि वरचं सगळं वाचलं, 'चुकीने' आणि 'खोडावीत' सकट. गेरलिंडेला भीती वाटली की ती रडेल.

"चिठ्ठी लागली," आई म्हणाली. "आता तो हरवत नाही."

तिने कागदाचा मागचा भाग पिठाच्या खळीने माखला आणि तो गल्ल्याच्या मागच्या भिंतीवर चिकटवला, बापाच्या कारागिरीच्या प्रमाणपत्राशेजारी, जिथे पाव घ्यायला आलेल्या प्रत्येकाला वर बघावंच लागतं. काही गिऱ्हाइकं नदीपलीकडच्या बेकरीत जायला लागली. काही नव्याने आली. टोबियास रोज येऊन कागद वाचायचा आणि मोठ्याने "हो, हाच," म्हणायचा.

ड्रेपर दोन आठवडे आला नाही. पण नदीपलीकडचा पाव आंबट होता, आणि ड्रेपरची तत्त्वं कधी पोटाच्या वर गेली नव्हती. तिसऱ्या शनिवारी सकाळी दाराची घंटी वाजली आणि तो आत आला. दुकानात चार बायका होत्या. गेरलिंडे कागदी पिशव्या लावत होती. ड्रेपर आपल्या बुटांकडे बघत पुढे सरकला आणि म्हणाला की एक राईचा पाव द्या, मोठा.

आईने फळीवरून पाव उचलला, पण पुढे केला नाही. तो हातात तोलत तिने ड्रेपरकडे पाहिलं. ती एप्रिलमधल्या त्या सकाळबद्दल तेरा वर्षांत एक अक्षर बोलली नव्हती; गेरलिंडेला वाटायचं की त्या धक्क्यात तिला टोपली दिसलीच नसेल.

"आज एकच?" आई म्हणाली. "सहा नकोत?"

चारही बायका हलल्या नाहीत. ड्रेपरची मान हळूहळू वर झाली, कागदापर्यंत, आणि तिथेच राहिली. आईने घाई केली नाही. त्याचं वाचून होईपर्यंत तिने पाव धरून ठेवला.